मेला म्हणून लिहिलेला कुत्रा

(पेत्रोग्राद. हिवाळ्यातली सकाळ. राजघराण्याच्या एका महालामागचं धोबीघर.)

येफीम : हसू नका, मावशी. पोल्कान मेला असं मी अहवालात लिहून आलोय.

लुकेरिया : मग चुलीपुढे पसरलाय तो कोण? त्याचं भूत?

येफीम : अहो, पहाटे चार गोळ्या उडाल्या. गस्त सोडून धावत आलो, तर अंगणात धाकटे सरकार. शर्टाला रक्त. म्हणाले, "कुत्रा पिसाळला होता, घातली गोळी."

लुकेरिया : आणि तू मान डोलावलीस.

येफीम : मग काय, कुत्रा दाखवा म्हणू? मी साधा पोलीस शिपाई!

लुकेरिया : फाटकापर्यंत बर्फ लाल झालाय. बाबा पामफिलचं रक्त आहे ते. काल इथेच आला होता जेवायला.

येफीम : हळू बोला! राणीसाहेबांचा सल्लागार तो. त्याच्या चिठ्ठीवर मंत्री बदलायचे. बाजारात तर म्हणतायत, विष पचवलं, गोळ्या पचवल्या, तरी उठून पळत होता. सैतानच!

लुकेरिया : जीव वाचवायला कुणीही पळेल रे. त्याला सैतान कशाला असायला हवं?

येफीम : तुम्हाला त्याचं वाईट वाटतंय?

लुकेरिया : लबाड होता मेला. माझ्या भाचीला मी त्याच्यासमोर येऊ देत नव्हते. पण म्हणून असं? जेवायला बोलावून?

येफीम : ते राहू द्या. दुपारी आमचे मोठे साहेब येतायत, कुत्र्याचं मढं बघायला.

लुकेरिया : तरीच कारभारी मघाशी बंदूक घेऊन याला न्यायला आला! आंघोळ घालतेय म्हणून पिटाळलं मी.

येफीम : देऊन टाका, मावशी. माझी नोकरी जाईल.

लुकेरिया : बरं. हा घे दोर. तूच ने.

येफीम : ...हात चाटतोय हो.

लुकेरिया : चाटणारच. तू कशाला नेतोयस, ते त्याला काय कळतंय!

येफीम : मावशी, धुतलेल्या चादरींची गाडी आज कुठे जाणार?

लुकेरिया : नदीपलीकडे, मठात. का रे?

येफीम : फाटकावर झडती मीच घेतो. खाली याला निजवा, वर चादरी टाका.

लुकेरिया : आणि मढं मागितलं तर?

येफीम : नदीत टाकलं म्हणेन. पहाटे सरकारांची मोटारही काहीतरी गुंडाळून घेऊन पुलावरच गेली होती. तिथे ते कुणाला शोधू देणार नाहीत.

लुकेरिया : शहाणा आहेस की!

येफीम : पण फाटकावर भुंकला तर?

लुकेरिया : नाही भुंकणार. पहाटे अंगणात होता तो. तेव्हापासून आवाजच काढला नाहीये त्यानं.