पडलेला विनोद आणि सरांची कवळी

आदरणीय अध्यक्षा, शाळेच्या निवृत्त मुख्याध्यापिका आणि आम्हा सगळ्यांच्या बाई. आमच्या दातांच्या दवाखान्याच्या वरच्या मजल्यावरून खास जिना उतरून आलेले प्रमुख पाहुणे, डोळ्यांचे डॉक्टर. आजचे सत्कारमूर्ती, आमचे सर. त्यांच्या शेजारी बसलेल्या काकू. आणि स्वतःच्या किंवा आम्ही बसवलेल्या दातांसह जमलेल्या सर्व सज्जनहो!

सरांविषयी मी काय बोलावं? आज ते निवृत्त होतायत आणि उद्यापासून दवाखान्यात त्यांच्या जागी मी उभी राहणार, म्हणून आजच मला भीती वाटतेय. सरांच्या हाताला यश आहे, हे सांगायला मी कशाला हवी? पण त्यांचा एक नियम तुमच्यापैकी कित्येकांनी भोगलाय. नवी कवळी घालून पेशंट चावून बघतो, बोलून बघतो, तरी तो खळखळून हसल्याशिवाय सर ती घरी जाऊ देत नाहीत. वरची कवळी खरी निसटते ती हसताना! म्हणून सर विनोद सांगतात. आणि सरांच्या तोंडावर सांगते, ते विनोद भयंकर असतात.

बाईंचंच बघा ना. सांगू का बाई? मान हलवलीत, म्हणजे सांगतेच. सर त्यांना म्हणाले, एक उंट सलूनमध्ये गेला. न्हावी म्हणाला, "बसा." उंट म्हणाला, "मी बसलेलोच आहे." मग बाई म्हणाल्या, "बरं, पुढे?" मला तर कुठे तोंड लपवू असं झालं. सर मात्र ना ओशाळले, ना समजावत बसले. "बाई, पडला हो बिचारा," म्हणाले आणि स्वतःच पोट धरून हसत सुटले. ते बघून बाई हसल्या. कवळी जागच्या जागी! नंतर मला म्हणाले, "पोरी, विनोद पडला की त्याला उचलायला धावायचं नाही. आपणही शेजारी आडवं व्हायचं."

आता आतली गोष्ट. मंगळवारी खुद्द सरांना वरची कवळी बसवली. बनवली मी. दुसऱ्या कुणाकडे जायला ते तयारच नव्हते. आणि तेव्हापासून सर खळखळून हसलेलेच नाहीत! "कशी वाटतेय, सर?" विचारलं, तर म्हणतात, "नियम माहीत आहे ना? हसव." काकूंना फोन केला. त्या म्हणाल्या, "अगं, घरीही ओठ मिटूनच हसतायत. मी आपले दोन विनोद सांगून बघितले, ढिम्म!" मघाशी फुलंसुद्धा त्यांनी ओठ मिटूनच घेतली. माझा जीव टांगणीला लागलाय हो. सरांचीच कवळी पास झाली नाही, तर उद्या मी कुठल्या तोंडाने पेशंटसमोर उभी राहू?

म्हणून आरशासमोर घोटून घोटून एक विनोद आणलाय. ऐका. एक जिराफ डॉक्टरांकडे जातो. म्हणतो, "घसा दुखतोय." डॉक्टर विचारतात, "कुठे?" जिराफ म्हणतो, "वर."

हं.

कुणीच नाही? डोळ्यांचे डॉक्टर, तुम्हीसुद्धा नाही? म्हणजे कसं, जिराफाची मान लांब असते ना, त्यामुळे घसा... नको, समजावत नाही. बाई, "पुढे?" म्हणू नका, पुढे काही नाहीये! संपला! पडला तो! अहो, घरी सांगितला तेव्हा आईनं कपाळाला हात लावून बघितला, ताप आहे का म्हणून! तेव्हाच कळायला हवं होतं मला... थांबा, कुणीतरी पाणी द्या, मलाच हसू आवरेना...

सर! काकू, बघा, बघा! सर हसतायत! ओठ उघडून! अहो सर, खुर्ची धरा, पडाल! आणि कवळी? डॉक्टर, तुम्ही जवळ आहात, नीट बघून सांगा. हलली? नाही ना? हलली नाही!

काय म्हणताय सर? माइकवर सांगू? सर म्हणतायत, "कवळी पास. विनोद नापास."

मंडळी, बाईंनी वेळ दिला, पाहुणे आले, तुम्ही सगळ्यांनी जिराफासकट मला सहन केलंत, त्याबद्दल मनापासून आभार. बोलण्याच्या भरात कुणाचा मान राखायचा राहिला असेल, तर आपली समजून चूक पदरात घ्या. उद्या सकाळी मी न घाबरता दवाखाना उघडीन. पण सर, तुमची फार आठवण येईल हो.