लाल चौकोन

…आता रडून काय होणार सरूमावशी, आधी बसा तरी. दारात ओळखलंच नाही मी तुम्हाला — उजेड मागून होता ना, म्हणून. मळवलीहून लोकलनंच आलात? पाणी घ्या. हे बघा, तुमच्या सारिकाच्या लग्नाचे दिवसाचे फोटो दिले की नाही मी? दिले. पाठवणीचे राहिले, कबूल. फोनवर बोललो तेच परत सांगतो — पुसट आलेत हो, तिन्हीसांजेचे सगळे पुसट. राजमहंमदचा फोटो पुसट — लोणावळ्यात कुणी ऐकलंय का असलं काही आजवर? मलाच माझी लाज वाटतीय. कॅमेरा पुण्याला नेऊन दाखवला, तो माणूस म्हणतो कॅमेरा ठणठणीत आहे. लेन्स बदलली, तरी तेच. शेवटी माझ्या शहिस्तानं — मुलगी हो, तळेगावला कंपनीत असते — तिनं फोटोच्या सॉफ्टवेअरला हे जोडून दिलं. प्लगिन म्हणतात. बटण दाबलं की कॅमेऱ्यानं नेमका कुठं फोकस धरला होता तिथं लाल चौकोन उमटतो. चोर रंगेहाथ सापडतो म्हणा ना.

आणि सापडला की! हसाल तुम्ही — बेगडेवाडीच्या लग्नात स्टेजच्या मागं भावी सरपंचांचा हा एवढा फ्लेक्स, हात जोडलेले. आजकालचा कॅमेरा आपापला डोळे शोधतो, पण जिवंत डोळा कुठला नि छापील कुठला, त्याला काय कळतंय? चौकोन बघतो तर थेट साहेबांच्या डोळ्यावर! नवरा-नवरी राहिली बाजूला. म्हणून पुढच्या लग्नात म्हटलं, बाबांनो, तेवढा फ्लेक्स काढा — तर मांडवात हाणामारीची वेळ आली. साहेबांचा मान ना! नवरदेवाचा मामा अंगावर धावून आला, फेटा सुटेपर्यंत. पण काढायला लावला मी. आणि एवढं करून फोटो? पुसटच. मग काय करायचं माणसानं — डोकं फोडून घ्यायचं?

आता हा तुमचा बघा, मुद्दाम ठेवलाय दाखवायला, म्हणजे राजमहंमद थापा मारतो असं वाटायला नको. चौकोन कुठंय? लेकीच्या डोळ्यावर. बरोब्बर डोळ्यावर. मागं फ्लेक्स नाही, काही नाही. म्हणजे कॅमेरा चुकला नाही, मी चुकलो नाही, आणि तरीसुद्धा असं धुकं धरल्यासारखं — काय? काय म्हणालात? पुसट नाही? मावशी, माझं मन राखायला बोलू नका. गालावरची हळद? ती दिसतीय तुम्हाला? आणि नाकातल्या चमकीचा खडा? थांबा, मोठा करतो… आता? पापणीचे केस?… एकेक?

तुमचे मोतीबिंदू काढलेत ना? दोन्ही? …हं.

नाही, चष्मा आहे की मला, मागच्या वर्षीच नवा केलाय. साखर आहे तेवढी. डॉक्टर म्हणाला होता, डोळ्यांचा पडदा तपासून घ्या — पण लग्नसराईत कुठं जाणार मी? दुकानात हा बल्बही मेला मिणमिणता. आमच्या अब्बांचेही डोळे असेच — जाऊ द्या. अब्बांचं वय झालं होतं.

बाकीचे? बाकीचे नाहीत मावशी. मीच उडवले. ती तुमच्या गळ्यात पडली तो, भावानं चाकाखाली नारळ ठेवला तो, गाडीच्या काचेतून तिनं हात काढला तो — सगळे. असलं काम आपल्या हातून कुणाच्या घरी जायला नको म्हणून उडवले हो. त्याच कार्डावर मागनं दुसरी लग्नं घेतली, आता काही परत येत नाही. चांगले होते का ते? होतेच असणार. हाही चांगलाच आहे म्हणता ना. अशा बघू नका माझ्याकडं. बघताय का? …मला तेही नीट कळत नाही, मावशी.

रविवारी कामशेतला लग्न आहे. त्यांना काय सांगू? मी उभा राहीन, कॅमेरा डोळे शोधेल, बटण दाबेन — आणि घरी येऊन काय बघू? लाल चौकोन? तो दिसतो मला, चांगला ठसठशीत दिसतो, फक्त त्याच्या आतलं… शहिस्ताला यातलं काही बोलू नका, तुम्हाला लेकीची शपथ. तिला वाटतं कॅमेराच जुना झालाय. वाटू द्या.

हा छापून देतो, मोठा करून. घेऊन जा. एवढाच राहिलाय. पिशवीत नीट धरा, कोपरे दुमडतील. आणि जाता जाता तेवढं एक सांगा मावशी — सारिका रडतीय ना यात?

…हसतीय?

बरं. निघा तुम्ही. लोकल चुकेल.