नूडल्सने साखर उतरते, याविषयी

पुढील कथन मी गेल्या गुरुवारी, दुपारी बारा वाजून दहा मिनिटांपासून बारा पस्तीसपर्यंत, तिसऱ्या मजल्यावरील एका स्वयंपाकघरात, प्रत्यक्ष काकूंच्या तोंडून ऐकले. काकू म्हणजे माझ्या प्रबंधातील पहिल्या क्रमांकाच्या व्यक्तीच्या पत्नी. ही व्यक्ती, म्हणजे काका, पाणीपुरवठा खात्यातून मीटर-तपासनीस म्हणून निवृत्त झालेली आहे. रोज दुपारी कोळंबी घातलेल्या नूडल्स खाऊन आपल्या रक्तातील साखर उतरली, आणि आपल्या सल्ल्याने तेच खाणाऱ्या आणखी अठरा जणांचीही उतरली, असा त्यांचा दावा होता. सात महिने मी या एकोणीस जणांच्या नोंदी ठेवत होतो आणि दावा खरा दिसत होता. त्या दिवशी मी काकूंकडे कच्च्या नूडल्सचा थोडा नमुना मागितला, इतकेच. काका बाहेरच्या खोलीत होते. माझे स्वतःचे बोलणे मी गाळले आहे; ते फारसे नव्हतेच.

— पण कच्च्याच कशाला? शिजवलेल्या घे की, पाच मिनिटांत देते, ताटलीभर ने, प्रयोगशाळेत जाळ नाहीतर खा — कच्च्याच हव्यात? पाकिटातल्या? वजन करून? अरे देवा. बस. बस तिथं स्टुलावर — हळू! हळू टेक. कुरकुरली ना उशी? कुरकुरणारच, कापूस नाहीये तिच्यात. दार लोट जरा. कडी नको, कडी लागली की हे लगेच विचारतात, काय चाललंय म्हणून. नुसतं लोट. आणि हे बघ बाळा, हातातलं काम मला थांबवता येणार नाही, अठरा डबे भरायचेत, तू आपला ऐक. परातीत काय दिसतंय तुला? लांब, बारीक, पिवळट — नूडल्स. बरोबर. सगळ्यांना तेच दिसतं. दुधी आहे तो. — तोंड मीट आधी, माशी जाईल. दुधी. कोवळा, बिया न धरलेला, सोलून या यंत्रात घालायचा, पेन्सिलीला टोक काढतात तसा फिरवायचा, की निघतो हातभर लांब तंतू. मीठ लावून दहा मिनिटं ठेवायचा, फडक्यात घालून पिळायचा, चांगला पिळायचा, धुणं पिळतो तसा, नाहीतर कढईत पाणी सोडतो आणि सगळं बिंग फुटतं. चिमूटभर हळद — पाकिटावरच्या चित्राचा रंग यायला हवा ना. दोन वर्षं झाली. हो, दोन. यांना माहीत नाही. कुणालाच माहीत नाही. आता तुला आहे, म्हणजे झालंच म्हणायचं.

का म्हणून काय विचारतोस? तू यांना तेव्हा बघायला हवं होतंस. डॉक्टर म्हणाले मैदा बंद, आणि हा माणूस जेवायचाच बंद झाला. भिंतीकडे तोंड करून बसायचा. पस्तीस वर्षं दुसऱ्यांचे मीटर वाचले आणि स्वतःचं मीटर वाचायची पाळी आल्यावर पार गळाठला. जगात आवडती वस्तू एकच, नूडल्स. आणि नावडती वस्तूही एकच. लग्नानंतर तिसऱ्या दिवशी मला सांगितलं होतं यांनी — दुधी ही भाजी नाही, ती आजारी माणसाला केलेली दमदाटी आहे. मग काय करणार मी? बाजारात उभी राहिले, दुधी हातात घेतला, त्याच्याकडे बघितलं, म्हटलं तू आणि मी, दोघांनी मिळून फसवायचं या माणसाला. — ती लसूण दे इकडे. ठेचलेली, हो. तेल फार नको, लसूण लाल होऊ द्यायची नाही, नुसता वास सुटायला हवा. आता कोळंबी. सोललेली, पाठीतला काळा दोरा काढलेला, आणि कोरडी, अगदी टिपून कोरडी. एका बाजूला दीड मिनिट, उलटायची, परत दीड मिनिट. गुलाबी होऊन वाकली की काढायची, गोल वेटोळं झालं की समज ती चामडं झाली. अंगचा रस कढईत उतरतो, त्यातच दुधी एक मिनिट हलवायचा, लिंबू पिळायचं, गॅस बंद. मग पुदिना, कोथिंबीर, कांद्याची पात, मूठमूठ. गॅस बंद केल्यावर, आधी नाही. आधी घातलं तर पाला मरतो, आणि मला तो जिवंत हवाय. दुधीचा वास त्याच्याखाली झाकायचाय ना. हे म्हणतात, तुझ्या हाताला पुदिन्याचं प्रमाण कळतं. प्रमाण कसलं, पांघरूण आहे ते!

तर साखर उतरली. उतरणारच. आणि यांनी काय निष्कर्ष काढला? नूडल्सनी उतरली. आकडा खोटं बोलत नाही, म्हणाले. मी म्हटलं, आज सांगते, उद्या सांगते — पण माणूस अंघोळ करताना शीळ घालायला लागला होता रे. कसं सांगू? तिथं चुकले मी. तेव्हाच सांगायला हवं होतं. कारण हे गेले बागेत. सकाळी फिरायला येणाऱ्या मंडळींत यांनी भाषण ठोकलं, आणि खालच्या शिंपीभाऊंनी ते मनावर घेतलं. शिंपीभाऊंना साखर, पायाला जखम, शिलाई मशीनच्या पायपट्टीवर घासून झालेली, ती भरेना. त्यांनी तीन आठवडे दोन्ही वेळा खऱ्या नूडल्स खाल्ल्या. मैद्याच्या! आमच्या यांचा शब्द म्हणून! पाय हा एवढा झाला. दुसऱ्या दिवशी मी डबा घेऊन गेले — म्हटलं, भाऊ, तुम्हाला करता येत नाहीत, पाल्याचं प्रमाण चुकतंय, आजपासून माझ्याकडचं खायचं. खाल्लं त्यांनी. जखम भरली. आणि तिथं माझा घात झाला, कारण मग सगळी बागच म्हणायला लागली, वहिनींच्याच हातचं पाहिजे. अठरा डबे! आणि ती मंडळी सज्जन, फुकट कोण खाणार, प्रत्येक जण आपापल्या नूडल्सची पाकिटं आणून देतो. रोज. अठरा जणांची पाकिटं, शिवाय यांची.

कुठे ठेवते? तू काय उगाच बसलायस का त्याच्यावर? उशीत आहेत. दिवाणात आहेत. धुण्याचं मशीन बंद पडलंय असं मी यांना सांगितलंय, ते बंद नाही, ते भरलंय. माहेरी जायची मोठी बॅग, तिच्यात आहेत, म्हणून मी दीड वर्षं माहेरी गेले नाही. भाऊ रुसलाय. काय सांगू त्याला, बॅग रिकामी नाही म्हणून? फेकू कशी, अन्न आहे ते. कुणाला देऊ? ज्याला देईन तो खाईल, आणि तुझे काका त्याला बागेत घेऊन जातील.

हे सगळं मी निभावलं असतं हं. मरेपर्यंत निभावलं असतं. पण आज चार वाजता काय आहे ते तुला माहितीय. सभागृहात तीनशे लोक. तीनशे! आणि हे व्यासपीठावर उभे राहून स्वतः करून दाखवणार, पाकिटातल्या नूडल्स, दहा मिनिटांत. पाकिटाचं मी बघितलं होतं — परवाच चार पाकिटं उघडली, आत दुधीचे तंतू भरले, इस्त्रीनं परत चिकटवली, छान चिकटली, कुणाला कळणार नाही. मग रात्री अंथरुणावर पडले आणि डोक्यात आलं, अगं बाई, यांचं पाकीट तू चिकटवशील, पण ते तीनशे जण घरी जाऊन कुठलं पाकीट उघडतील? तीनशे शिंपीभाऊ, बाळा. तीनशे पाय. तेवढे डबे मला या जन्मात होणार नाहीत.

म्हणून तू सांग. तूच सांग यांना. तीनच्या आत. तुझ्याकडे तक्ते आहेत, तू शिकलेला आहेस, तू म्हण, काका, संशोधनात असं निघालं, दुधी निघाला. माझं नाव घेऊ नकोस. — नाही कसं? तुझा प्रबंधही बुडतो, असं म्हणतोस? बुडू दे, नवा लिही, तुझं वय आहे. मला सांग, या वयात मी कसं उभं राहायचं त्या माणसासमोर? दोन वर्षं त्यानं माझ्या हातावर विश्वास ठेवला. एकदासुद्धा पातेल्यात डोकावला नाही. या खोलीत पाऊल टाकत नाही तो, फक्त मला ताप आला होता ना गेल्या महिन्यात, ते तीन दिवस काय टाकलं असेल तेवढंच. मी तर उठूच शकत नव्हते. तरी डबे चुकले नाहीत हो, यांनीच केले सगळे, अठराच्या अठरा. मी अंथरुणात पडून रडत होते, म्हटलं, गेलं, आता खरी पाकिटं उघडणार, मैदा जाणार सगळ्यांच्या पोटात — तुझ्याकडे त्या दिवसांचे आकडे असतील ना? सात, आठ, नऊ तारीख. बघ बरं. शिंपीभाऊंचे बघ आधी. कितीनी चढली?

नाही चढली? अजिबात? बाकीच्यांची? — नीट बघ, वही उलटी धरली असशील. — सगळ्यांची तेवढीच? यांचीसुद्धा? असं कसं होईल? तीन दिवस मैदा खाऊन असं कसं — थांब. मला आठवू दे. मी दहा तारखेला उठले. कचऱ्याच्या डब्यात सालं होती. हिरवी, लांब, ही एवढी. मला वाटलं शेजारच्या वहिनींनी त्यांचा कचरा आमच्यात टाकला, मी त्यांना बोललेसुद्धा, चार दिवस त्या माझ्याशी बोलत नव्हत्या. आणि यांच्या अंगठ्याला पट्टी होती. म्हणाले, पाकीट फोडताना कापलं. पाकीट फोडताना कुणाचा अंगठा कापतो? या यंत्राचं पातं बघ, इथं, माझासुद्धा पहिल्यांदा इथंच —

…

गॅस बंद कर तो. नको, मी करते. तू ऊठ. वही घे तुझी. डबे मी नंतर भरीन. तू मागच्या जिन्यानं जा, पुढच्या खोलीतून नको. नमुना नाही मिळणार आज. जा म्हटलं ना!

येथे काकूंचे बोलणे संपले. त्या फडक्याला हात पुसत बाहेरच्या खोलीकडे गेल्या आणि मी मागच्या जिन्याने खाली उतरलो. खोलीत काय बोलणे झाले ते मी ऐकलेले नाही, म्हणून लिहीत नाही. त्या दिवशी डबे पाऊण तास उशिरा पोहोचले, असे शिंपीभाऊंनी सांगितले.

चार वाजता मी सभागृहात हजर होतो. काकांनी टेबलावर पाकीट ठेवले नाही, दुधी ठेवला. हा दुधी आहे, आयुष्यभर मी याच्याविषयी वाईट बोललो, आणि मैद्याच्या नूडल्स आपल्यापैकी कुणीही खाऊ नयेत, असे त्यांनी स्पष्ट सांगितले. त्यानंतर सतरा मिनिटांत पदार्थ करून दाखवला. पुदिना गॅस बंद केल्यावर घातला. श्रोत्यांपैकी साधारण चाळीस जण मध्येच उठून गेले.

प्रबंधाचे शीर्षक बदलण्यास मार्गदर्शकांनी परवानगी दिली आहे, आणि आहाराच्या रकान्यात आता एकोणीसही ठिकाणी दुधी लिहिलेला आहे. एका नोंदीपुरती मात्र जागा कोरी सोडावी लागली. हे आपल्याला केव्हापासून ठाऊक होते, असे मी काकांना दोन वेळा, वेगवेगळ्या दिवशी विचारले. दोन्ही वेळा त्यांनी, पहिल्या घासापासून, दुधी मला अंधारातही ओळखता येतो, असेच उत्तर दिले. काकूंच्या म्हणण्यानुसार यंत्र यायला उशीर झाल्यामुळे पहिले चार दिवस त्यांनी मैद्याच्याच नूडल्स वाढल्या होत्या. हे मी काकांच्या कानावर घातले असता, त्या चार दिवसांतही आपण दुधी ओळखला होता, असे त्यांनी सांगितले. या भागाची खात्री मला करता आलेली नाही.