हौदातली हाक

मी मार्था. माहेर घोडेगावच्या अंगाला, आमच्या ख्रिस्ती लोकांच्या वस्तीत, बाप शाळामास्तर. बैलांचा बाजार भरला की तंबूतलं टुरिंग टॉकीज यायचं, बाप्ये पडद्याफुडं अन् आमी बाया पडद्यामागं, असाच रिवाज हुता तवा, त्यामुळं आमाला सगळं उलटं दिसायचं. काय सांगू तुमाला, मला लई दिवस वाटायचं, गोरे लोक सगळे डावखुरेच असत्यात.

मेन पिक्चरच्या आधी एक जुनी मुकी विलायती रीळ लावायचे. पोरगा बागेत पोरीला फूल द्यायला येतो, तिचा बाप काठी घेऊन मागं लागतो, पोरगा हौदात पडतो, एवढंच. मग मशीनवाला सायमन माईकवर सगळ्यांचं बोलायचा, पोरीचं बारीक आवाजात, बापाचं खोकत खोकत, लोक हसून लोळायचे. सकाळी तो आमच्या विहिरीवर पानी न्यायला यायचा, तितं माझं नाव ऐकलं असंल. एक दिवस हौदात पडल्या पडल्या त्यानं हाक मारली, मार्था, फूल तरी घे. बाया माझ्याकडं बघाया लागल्या, मी पदरात तोंड घातलं. फुडं माझ्या बापानं खरंच काठी काढली, तरी आमचं लग्न झालं.

तंबू बंद पडले, आमच्या मालकांनी नागापूरला कारखान्यात नोकरी केली, पण घरात हाक मारायची तर त्याच सुरात, हौदातल्या.

गेल्या नाताळाच्या आधी त्यास्नी लकवा मारला. उजवं अंग गेलं, वाचा गेली. आता डाव्या हातानं जेवत्यात, तोंडातून आवाज न्हाई, अन् मला वाटतं मी परत पडद्यामागंच बसलेय. डॉक्टर म्हनला, बोलत ऱ्हावा त्यांच्याशी, आला तर येईल एखादा शब्द, न्हाईतर न्हाई. मला एकच पायजे, माझं नाव.

नातीनं मोबाईलवर तसलीच रीळ शोधून दिली. मी खाटेवर बसून सगळ्यांचे आवाज काढते, बापाचं खोकनंबी. ते बघत्यात, हसत न्हाईत. कवा कवा लई राग येतो, जल्मभर बडबड केली या मानसानं अन् आता एक नाव निघंना. पोरगा हौदात पडला की मी गप ऱ्हाते. ती हाक मी मारत न्हाई, ती त्यांची हाय. पोरगा तसाच भिजून भाईर येतो, पळतो, रीळ संपती.

तुमच्या घरातली वाचा देव अशीच ठेवो, बाबा. मी त्यांचं तोंड पदरानं पुसते अन् रीळ पुन्यांदा लावते.