कोलशेतचा हिमालय

(ठाण्याचं एक थेटर, १९५३. काळुराम, मिठागराचा मालक आणि चित्रपट-निर्माता; तुळसा त्याची बायको; त्र्यंबकराव मुंबईचे वितरक. काळुरामच्या नव्या चित्रपटाचा खासगी खेळ नुकताच संपलाय.)

त्र्यंबकराव : आणि अख्खी फौज बर्फात अनवाणी? काळुरामशेठ, तो प्रसंग कापा. चित्र आजच घेतो.

काळुराम : कापू कसा? त्या फौजेत आमचं सगळं कोलशेत गाव हाय! भिवा सेनापती झाला तवापासून घरात म्हशीलाही हुकूम सोडतो.

त्र्यंबकराव : पण पायांत बूट का नाहीत?

तुळसा : आनलेले की. कोनी घातले नाय.

काळुराम : मिठाच्या राशीवर पायतान घालून कोन चढंल?

त्र्यंबकराव : मीठ? तो हिमालय मिठाचा?

काळुराम : आपल्याच मिठागरातला. भर मे महिन्यात हिरो कुडकुडला! आत्ता तो दारवाला बगा, खेळ बघून कानटोपी घातलीय त्यानं.

तुळसा : दाढ दुखते त्याची.

काळुराम : अगं, गप! त्र्यंबकराव, माझं तिसरं चित्र हे. ना स्टुडिओ, ना भागीदार. पहिल्यात खाडीची यमुना केली. दुसऱ्यात ठाकुर्लीच्या पावरहाऊसच्या धुरातनं राक्षस काढला. कल्याणची मानसं खुर्च्या सोडून पळाली!

तुळसा : लाइट गेलेली तवा.

त्र्यंबकराव : वहिनी, तुम्ही नक्की कुणाच्या बाजूनं?

तुळसा : ह्यांच्याच. म्हनून तर खरं बोलते.

त्र्यंबकराव : हे पाहा, लोक हसले की चित्र आठवड्यात उतरतं. कापा.

काळुराम : मग नाय देत. फिल्मचे डबे बैलगाडीत घालीन, गावोगाव तंबूत दाखवीन. गावाला शब्द दिलाय, पडद्यावर दिसाल म्हनून. बायजामावशीला तर डोळ्यांनी दिसत नाय, तरी खेळासाठी नवं लुगडं घेतलंय तिनं.

तुळसा : भाऊ, इचारू? देवाच्या डोंगरावर तुमी चपला घालून चढता?

त्र्यंबकराव : छे! पायथ्याशीच काढतो.

तुळसा : मग फौजेनंही काढल्या. भिवाच्या तोंडी तेवढं एक वाक्य घाला. आवाज मागनं भरता येतो ना?

त्र्यंबकराव : येतो... वहिनी, लोक हसायचे सोडून हात जोडतील हो! घेतलं चित्र. जसंच्या तसं.

काळुराम : बगा! पन पाटीवर माझ्या आधी हिचं नाव टाकायचं. निर्माती, तुळसाबाई.

तुळसा : अवो, काय तरीच.

त्र्यंबकराव : टाकतो. पण कुणी विचारलंच, तो देव कुठला, तर काय सांगू?

काळुराम : सांगा, रोज तुमच्या ताटात सगळ्यांच्या आधी वाढतात, तो.