नाखुमचं नाव

—नाही गं, नजरचुकीनं नाही राहिलं. पत्रात तसं दोनदा कळवलं तुला, मान्य — पण आता तेल अवीवहून हैफापर्यंत आलीसच, तर बस. ते पुस्तक मिट आधी. सहाशे बारा नावं आहेत त्यात, आमच्या अख्ख्या दुबिनेत्स गावची, जेवढी गेली तेवढी. सात वर्षं गोळा करत होतो — कुणाचा चुलता ब्राझीलला, कुणाची मावशी आणखी कुठं, पत्रांवर पत्रं — बायको म्हणायची, झेलिग, जिवंत माणसांना कधी एवढी पत्रं लिहिली नाहीस. आणि त्यात तुझ्या बापाचं नाव नाही. शोधलंस ना सगळीकडे? सापडणार कसं, मीच गाळलं.

पुस्तकाच्या समितीनं ठरवलं, असं सांगणार होतो तुला. म्हणजे बोलले लोक, ते खोटं नाही. नाखुम यादीवाला, म्हणाले. जर्मनांनी आम्हाला कोंडलं त्या घेट्टोत आपल्याच लोकांचं मंडळ होतं, त्याचा कारकून तो — त्यांनी आकडा सांगायचा, यानं नावं लिहायची. लिहिलेला एकही परत आला नाही. मग अशाला आपल्या मेलेल्यांच्या पंगतीत बसवायचं का? — सगळे माझ्याकडे बघत राहिले. मी एक शब्द बोललो असतो तर बसला असता. शेवटच्या फेरीत त्यालाही नेलंच की, तुझ्या आईसकट. तू तेव्हा नन्सच्या मठात लपवलेली, दूधपिती, तुला काय आठवणार.

मी नाही बोललो. का — हे बघ, बेचाळीसच्या उन्हाळ्यात यादीत माझं नाव आलं. कळल्याबरोबर धावलो नाखुमकडे, एका बाकावर बसून शिकलेलो आम्ही, पाय धरले त्याचे. म्हटलं, खोड. त्यानं टाक खाली ठेवला — हे तुला कळायला हवं — आणि म्हणाला, ‘झेलिग, दोनशे म्हणजे दोनशे. एक खोडला की एक लिहावा लागतो. मी नाही निवडणार. तू सांग.’

कोणाचं म्हणून काय विचारतेस — पान एकशे चाळीस, गेट्झेल शिंपी. एकटा जीव, मागं रडायला कुणी नाही, असं वाटलं मला. वाटलं कसलं, बोललोच तसं. नाखुमनं लिहिलं, आणि त्यानंतर मरेपर्यंत माझ्याकडे पाहिलं नाही. गेट्झेलवर मी पान भरून लिहिलंय — कसा गायचा, शाळेतल्या पोरांच्या कोटांना फुकट गुंड्या कसा लावून द्यायचा — लोक म्हणतात, सगळ्या पुस्तकात तेच छान उतरलंय. छान! तुझ्या बापाचं नाव छापलं असतं, तर कधीतरी कुणी विचारलंच असतं, त्याला नावं सांगायचं कोण? म्हणून तोच वाईट राहिलेला बरा होता मला. मेलेला माणूस काय तक्रार करणार.

रडू नकोस. नाही, रड — तुला थांबवणारा मी कोण. चुकलेल्या नावांची पुरवणी निघतेय, हा तिचा कागद. तूच लिही, माझ्या हातून होत नाही. नाखुम लिपकेस. त्याखाली गेट्झेल यादीत कसा आला ते, आत्ता ऐकलंस तसंच, माझ्या नावासकट... झालं? नको, वाचून दाखवू नकोस. घे तो आणि जा. छापखाना चारला बंद होतो, आणि तू इथं थांबलीस तर माझं मन फिरेल.