ओढ्याकाठी दिलेली हाक

ऐका. सरका जरा पुढं, शेकोटी काय माझ्या एकट्याची नाही. आणि ओढ्याकडं बघत बसू नका, गोष्ट तिकडचीच आहे.

तर आपला यदू गोंधळी. कमरेला संबळ बांधून उभा राहिला की म्हाताऱ्याकोताऱ्यांचे पाय उचलायचे, असा हात. पण आसपासच्या गावांत गोंधळ घालणारं घर त्याचं एकट्याचंच उरलेलं. मळेवाडीला लग्न झालं होतं, रात्री गोंधळ. तिथली तरणी पोरं आधीच कुरकुरत होती, "गोंधळी आला तर आला, नाहीतर डीजे लावू." थोरला भाऊ मल्हारी गोंधळाची दिवटी, म्हणजे मशाल, घेऊन एसटीनं पुढं गेला. यदू संबळाची कातड्याची पुडी ताणून घ्यायला मागं राहिला, अन् त्या नादात शेवटची गाडी चुकली. डीजे लागला म्हणजे बापजाद्यांचा गोंधळ त्या गावातून उठलाच की! निघाला बिचारा अंधारात ओढ्याच्या वाटेनं.

ओढ्यापाशी दव. दवानं पुडी पुन्हा मऊ. म्हणून जांभळीखाली पाला पेटवून यदूनं संबळ शेकला, वाजवून पाहिला. इथवर ठीक. पण बाबांनो, हाताला सवय तशी तोंडाला सवय! गोंधळी कसा, आधी तांदळाचा चौक भरतो, दिवटी लावतो, मगच देवांना हाक देतो. इथं चौक नाही, दिवटी नाही, आणि हा बोलून गेला, "ओढ्याकाठच्या, गोंधळाला ये."

पलीकडून आवाज आला, "आले."

यदूनं हात आवरला, तर अंधारात चाळ वाजायला लागले. छुम छुम. ह्यानं सोडलेला ठेका तिनं उचललेला. यदू उठला, भराभरा चालला. चालला, चालला, आणि समोर बघतो तर तीच जांभळ, तोच पेटलेला पाला! मग मल्हारीची हाक, "यदू, वाजव की रं, मी आलोय." भाऊ आला म्हणून ह्यानं संबळाचं टिपरू उचललं. कुठला मल्हारी? समोर बाई. केस मोकळे, पायात चाळ, आणि पावलं उलटी.

"आता थांबू नगंस," ती म्हणाली. "थांबलास की तुला संगं नेते."

वाजवतोय बिचारा. ती गिरकी घेते, हा वाजवतो. ती लय वाढवते, हा वाढवतो. बोटं सोललीत, घाम डोळ्यांत जातोय. मल्हारी वाट बघत असेल, पोरं डीजेची वायर जोडत असतील. तेवढ्यात यदूला बापाचं बोलणं आठवलं. हाक दिलेल्याला दिवटीनं ओवाळावं, त्याशिवाय तो जात नाही.

दिवटी मल्हारीकडं. पण दिवटीच्या तेलाचं बुधलं यदूच्याच झोळीत! एका हातानं संबळ चालू ठेवला, बरं का, एका हातानं, आणि दुसऱ्यानं डोईचं पागोटं काठीला गुंडाळलं, बुधलं ओतलं, विझत्या पाल्यात धरलं. भडका! ओवाळलं त्यानं तिला.

ती थांबली. रडत होती म्हणतात. "लई वर्सं कुणी बोलावलंच न्हाई रं," म्हणाली, आणि चाळांचा आवाज दूर दूर गेला.

यदू बोडक्या डोक्यानं, तेच जळतं पागोटं काठीवर धरून मळेवाडीत शिरला. तिथं पोरं म्हणाली, "काका, दोनच गाणी हं, मग डीजे."

"अर्ध्यात थांबायची सोय न्हाई," यदू म्हणाला, आणि असा वाजवला, असा वाजवला की तीच पोरं कोंबडा आरवेपर्यंत नाचली. मल्हारी तर सांगतो, मांडवाच्या कडेला अंधारात कुणीतरी चाळ बांधून ठेका धरला होता.

तेव्हा त्या वाटेनं रात्री जाऊ नका. गेलातच तर तोंड मिटून जा. तिला बोलावणं सोपं आहे. पण बोलावलंत, तर शेवटपर्यंत वाजवावं लागतं. आणि तुमच्यात संबळ येतोय कुणाला?